आमच्या तिठ्यावरचा हायमास्ट आणि एक ग्रह

पाडव्याच्या आदल्या रात्री साडेदहाला लाईट गेली आणि मी आनंदाने अंगणात पळाले. वेंगुर्ल्याकडच्या आमच्या गावात तिठ्यावर हायमास्ट, म्हणजे उंच खांबावरचे झगझगीत दिवे, लागल्यापासून अवसेलाही अंगणात माडाची सावली पडते. त्या रात्री ती नव्हती.

दुर्बीण हाताशी होतीच. सिंहेतल्या मघेच्या तेजस्वी ताऱ्याखाली, दक्षिणेला, आकाशाचा एक ओसाड तुकडा आहे, षडंश. तिथे बिभा नावाचा तारा आहे, नुसत्या डोळ्यांना न दिसणारा. नकाशाशी ताडून मी ज्या ठिपक्यावर थांबले तो बिभाच, असं छातीठोक सांगणार नाही. पण होता त्या दोन-तीन ठिपक्यांतलाच एक. अंतर सुमारे 340 प्रकाशवर्षं. म्हणजे डोळ्यात शिरला तो उजेड निघाला तेव्हा इथे संभाजी महाराज सिद्दी-पोर्तुगीजांशी झुंजत होते.

2019 साली आंतरराष्ट्रीय खगोलीय संघटनेने आपल्या शंभरीनिमित्त देशोदेशींना एकेक तारा आणि त्याचा ग्रह नाव ठेवायला दिला. आपल्या वाट्याला ही जोडी आली. ताऱ्याला नाव दिलं बिभा चौधुरींचं. विश्वकिरणांवर, म्हणजे अवकाशातून पृथ्वीवर आदळणाऱ्या कणांवर, काम केलेल्या, 1949 मध्ये टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आलेल्या पहिल्या स्त्री संशोधक. (शाळेच्या पुस्तकात मला तरी त्या कधी भेटल्या नाहीत.) ग्रहाचं नाव पुण्यातल्या एका शाळकरी मुलाने सुचवलं: संतमस. अमरकोशात अंधाराच्या जाती दिल्यात. दाट तो अंधतमस, विरळ तो अवतमस आणि चहूकडे पसरलेला तो संतमस.

ग्रह कसला, धूड आहे. गुरूच्या दीडपट वजन, म्हणजे जवळपास पावणेपाचशे पृथ्व्या. आपल्या गुरूला सूर्याभोवती फिरायला बारा वर्षं लागतात, हा बाबा दोन दिवस आणि काही तासांत फेरी उरकतो, कारण ताऱ्याला अगदी खेटून आहे.

शेजारचे तात्या पायरीवर येऊन बसले. जन्म होडीत गेलेला माणूस. मी सगळं सांगितल्यावर म्हणाले, "तो गिरो दिसता काय तुका?"

"कोणाकच दिसाक नाय."

"मगे आसा म्हणान कशावरसून सांगतत?"

"तात्या, तुम्ही गरवूक बसतास तेव्हा पाण्यातलो मासो दिसता?"

"वढीवरसून कळता."

तेच. ग्रह ताऱ्याला ओढतो, तारा किंचित हेलकावतो, कधी आपल्याकडे, कधी दूर. त्याच्या उजेडातले रंग त्या मानाने जरा निळ्याकडे, जरा तांबड्याकडे सरकतात. ते मोजत राहायचं. 2006 साली हा असाच हाती लागला. दोर किती वेळाने आणि किती जोरात ओढला जातो, त्यावरून माशाचा अंदाज.

आता माझं म्हणणं. उजेडाला माझा विरोध नाही. पायवाटेवर फुरसं असतं, कामावरून उशिरा येणाऱ्या बायका असतात, मीही त्यातलीच. पण उजेड खाली हवा की वर? त्या दिव्यांना टोपी घाला, खाली वळवा, अकरानंतर चारातले दोन बंद करा. हे ग्रामसभेत बोलले तर एकजण म्हणाला, "मॅडमना गाव परत काळोखात न्यायचा आहे." टाळ्याही पडल्या. काळोख म्हणजे मागासलेपण, हे आपण इतकं घोकलंय की आभाळ दिसेनासं झालं तरी कोणाचं काही हरवत नाही.

समुद्राचंही तेच. एलईडी लावून मासेमारी करायला 2017 पासून बंदी आहे. आमच्या अंगणातून समुद्र दिसतो, बंदी दिसत नाही. त्या रात्रीही गाव काळोखात आणि क्षितिजावर दिव्यांची माळ. तात्यांनी मोजले, अकरा.

"त्या गिऱ्याचा नाव काय म्हटलंस?"

"संतमस. म्हणजे सगळीकडचो काळोख."

तात्या त्या माळेकडे बघत राहिले. मग म्हणाले, "थय तरी आसा मां!"