मेकअपने रंग येतो, नजर येत नाही

“अभिनय म्हणजे सोंग. पांढरा मेकअप थापला की कुणीही अल्बिनो दिसतो. मग अल्बिनिझम असलेल्या अभिनेत्रींनी ‘अल्बिनोची भूमिका आम्हालाच द्या’ म्हणून हक्काची भाषा कशाला करायची? त्यांना धड उजेडही सोसत नाही.” अशा आशयाचा मजकूर या आठवड्यात मला तिघांनी पाठवला. तिघंही भली माणसं आहेत, म्हणूनच सविस्तर उत्तर द्यावंसं वाटलं.

आधी मेकअप. अल्बिनिझम म्हणजे कोड नव्हे आणि नुसता गोरेपणाही नव्हे. यात जन्मापासूनच शरीरात मेलॅनिन हे रंगद्रव्य तयार होत नाही किंवा फार कमी होतं, आणि त्याचा मोठा फटका डोळ्यांना बसतो. बारकावे टिपणारा दृष्टिपटलाचा मधला भाग पुरता घडत नाही, त्यामुळे चष्मा लावूनही नजर पूर्ण सुधारत नाही. बुबुळं आपोआप इकडून तिकडे हलत राहतात. बरेच जण मान किंचित तिरकी करून बघतात, कारण त्या एका कोनात बुबुळं जरा स्थिरावतात. ती तिरकी मान हा त्या माणसाचा आयुष्यभराचा सराव असतो. २००६ च्या ‘द दा विंची कोड’ चित्रपटात अल्बिनिझम नसलेल्या पॉल बेटनीने सायलस हा अल्बिनो खुनी साधू रंगवला. तो रात्री संग्रहालयात पिस्तुलाने माणूस मारतो. त्वचा रंगवली, पण त्या डोळ्यांना काय दिसतं याचा विचारच झाला नाही.

‘आम्हालाच द्या’ हा आरोप तर मुळातच चुकीचा. दक्षिण आफ्रिकेची थांडो होपा बघा. लैंगिक अत्याचाराच्या खटल्यांत सरकारी वकील म्हणून काम केलेली ही मॉडेल २०१८ च्या ‘ट्रॉय: फॉल ऑफ अ सिटी’ मालिकेत आर्टेमिस झाली. ग्रीकांच्या या शिकारदेवीच्या कथेत अल्बिनिझम कुठेच नाही. मागणी आहे ती हीच: देवी, वकील, आई, प्रेयसी, कुठल्याही भूमिकेसाठी आमचा विचार करा.

आणि हक्क कसले, म्हणता? टांझानिया, मलावीत जादूटोण्यासाठी अवयव हवेत म्हणून अल्बिनिझम असलेल्या माणसांचे, लहान मुलांचेसुद्धा खून झाले आहेत. संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क परिषदेला २०१५ मध्ये या विषयासाठी स्वतंत्र तज्ज्ञाचं पद निर्माण करावं लागलं. ही माणसं म्हणजे भुतं, अशी समजूत जिथे जीव घेते, तिथे पडद्यावर त्यांना पुन्हा भुतासारखं दाखवणं मला अक्षम्य वाटतं.

राहिला उजेड. तो त्रास खरा आहे. पण संयुक्त राष्ट्रांच्या २००६ च्या अपंग हक्क करारात ‘वाजवी सोय’ नाकारणं हा भेदभाव मानला आहे, आणि दक्षिण आफ्रिकेने तो करार २००७ मध्येच स्वीकारला. सेटवर ही सोय म्हणजे काय? संहिता मोठ्या अक्षरांत छापायची. दिवा थेट डोळ्यांवर रोखायचा नाही. बाहेरच्या चित्रीकरणात दोन शॉटच्या मध्ये सावली द्यायची. जमिनीवर उभं राहायच्या जागेची पट्टी ठळक रंगाची लावायची, आणि शॉटआधी अभिनेत्रीला तिथवर एकदा चालून बघू द्यायचं.