जागा होती, हो!

"मुंबईत जागाच कुठे आहे?" हे वाक्य पुन्हा कानावर आलं की डोकं सणकतं. जागा होती! लालबाग-परळपासून वरळीपर्यंत, गिरण्यांची जवळपास सहाशे एकर.

१९८२ च्या संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार उतरले, पार मोडून पडले, गिरण्या एकेक करून बंद झाल्या. जमीन मात्र तिथेच राहिली. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत तिचे सरळ तीन वाटे होते: एक महापालिकेला मोकळ्या जागांसाठी, एक म्हाडाला घरांसाठी, एक मालकाला. मग २००१ साली नियम बदलला. वाटणी फक्त आधीच मोकळ्या असलेल्या जमिनीची. जिथे गिरणीचं बांधकाम उभं, ती जमीन बाहेर. अरे, गिरणीच्या आवारात मोकळी जमीन असते किती? उच्च न्यायालयाने सरकारचा कान पकडला होता, पण २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. मैदानं गेली, घरं गेली.

आणि आता थकलेल्या कामगारांना, त्यांच्या वारसांना घरं दाखवतात कुठे? मुंबईबाहेर, कर्जतच्या वाटेवरच्या शेलू आणि वांगणीला! ज्यांनी पाळ्या करून हे शहर चालवलं, त्यांनी कर्जत लोकलला लटकायचं, आणि गिरणीतल्या त्यांच्या खात्यांच्या जागी मॉल. वर लोक म्हणणार, बाजारभावापुढे इलाज नाही. बाजाराने काय केलं यात? हा नियम मंत्रालयात लिहिला गेला, आणि लिहिताना कामगाराला कुणी विचारलं नाही.

राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाच्या बंद गिरण्या अजून शहरात उभ्या आहेत. घरं तिथे द्या ना!