सशाचा आवाज

डिसेंबर उजाडला की मॉस्कोतल्या बालवाडीत एक गाणं हमखास वाजतं. लांडगा बर्फकन्येचा झगा घालून आलाय, सशाने हिमआजोबांची, म्हणजे रशियन सांताक्लॉजची, दाढी लावलीय आणि दोघं नाचत गातायत. सशामागे धावणाऱ्या लांडग्याच्या ‘नू, पगदी’ (‘थांब, बघतोच तुला’) या कार्टून मालिकेचा आठवा भाग, १९७४ सालचा. माझ्या साडेचार वर्षांच्या लेकीला ते गाणं तोंडपाठ आहे. तिचे रशियन उच्चार माझ्यापेक्षा कितीतरी स्वच्छ. मी ती भाषा व्याकरणाच्या पुस्तकातून शिकले, ती सशाकडून शिकली.

त्या सशाला आवाज दिला क्लारा रुम्यानोवा यांनी. जन्म १९२९ चा, लेनिनग्राडचा. मॉस्कोच्या सरकारी चित्रपट संस्थेत सेर्गेई गेरासिमोव आणि तमारा माकारोवा यांच्या वर्गात त्या अभिनय शिकल्या. व्हायचं होतं चित्रपटातली नटी. पडद्यावर वाट्याला आल्या त्या बहुतेक लहान भूमिका. मग सोयुझमुल्तफिल्म या कार्टून स्टुडिओने तो बारीक, घंटेसारखा आवाज उचलला. छपरावर राहणाऱ्या कार्ल्सनच्या गोष्टीतला एकटा मुलगा त्यांचा. संत्र्यांच्या खोक्यातून आलेला मोठ्या कानांचा चेबुराश्का त्यांचा. तळ्यातल्या स्वतःच्याच प्रतिबिंबाला भ्यायलेलं रकूनचं पिल्लू त्यांचं, आणि त्या पिल्लाने म्हटलेलं हसण्याचं गाणंही त्यांचंच. सशाचं काम तर त्यांनी १९६९ पासून १९९० नंतरपर्यंत केलं. लांडग्याला आवाज देणारे अनातोली पापानोव १९८७ मध्ये गेले. पुढच्या भागांत त्यांचा जुना ध्वनिमुद्रित आवाज वापरला आणि समोर ससा म्हणून क्लाराबाई पुन्हा उभ्या राहिल्या.

एकदा लेकीसोबत चेबुराश्का बघताना मी डोळे मिटून नुसती ऐकत होते. तो ‘मी’ म्हणण्याआधी किंचित थांबतो, जणू आपण ‘मी’ म्हणावं की नाही याचीच त्याला खात्री नाही. पन्नाशी ओलांडलेल्या बाईने १९८३ मध्येही तो संकोच तसाच राखला. मूल म्हणून बोलायचं म्हणजे नाकातून किरकिरायचं, असा आपल्याकडे समज आहे. इथे मुलाच्या मनातली भीती श्वासातून येते. हा अभिनय आहे, सगळ्यात अवघड प्रकारचा. आणि या कार्टूनमध्ये आवाज कुणी दिला, त्यांची नावं पडद्यावर येतात.

आता घरचं. एप्रिल २०२५ मध्ये पहिलीपासून हिंदीचा निर्णय आला, मोर्चांची हाक आली, २९ जूनला सरकारने निर्णय मागे घेतला. आमच्या कुटुंबाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर महिनाभर रण पेटलं होतं. निर्णय मागे घेतला हे बरंच झालं, असं मी तेव्हाही लिहिलं, आजही म्हणते. पण त्याच ग्रुपवरच्या माझ्या भाचरांचे व्हिडिओ बघा: कोथरूडच्या घरात, मराठी शाळेतल्या शिक्षिकेची मुलं, खेळताना ‘अरे यार, मुझे पकड़ के दिखा’ म्हणतात. हे कुठल्या शासन निर्णयाने आलेलं नाही, कार्टूनमधून आलंय. मराठीत डबिंग करणारे कलाकार आहेत, जीव ओतून करणारे आहेत. त्यांच्यातल्या एकाचं तरी नाव आपल्याला सांगता येतं का? डबिंग म्हणजे नाटक-मालिका मिळेपर्यंतची पोटापाण्याची सोय, असंच आपण धरून चालतो.

रशियाचं उदाहरण देताना मला सांभाळूनच बोलायला हवं. माझ्या ऑफिसात कझाकस्तानातल्या अल्माटीची एक सहकारी आहे, कझाख. चेबुराश्काची सगळी गाणी तिला येतात. कझाख अंगाईची मात्र दुसरी ओळ आठवेना म्हणून एकदा तिने माझ्यासमोर आईला फोन लावला होता. रुम्यानोवांचा तोच गोड आवाज रशियन घरात मायबोली होता आणि तिच्या घरात मायबोलीच्या जागी येऊन बसलेला पाहुणा. आपली मराठी घरं यातल्या कुठल्या बाजूला आहेत, हे तिचं ऐकताना मला लख्ख कळलं. दुष्टपणे लादलेली भाषा पोरं झिडकारतात. प्रेमळ आवाजात आलेली भाषा कोण झिडकारेल? तिच्यासमोर तितकाच प्रेमळ, तितकाच कसलेला मराठी आवाज उभा करायला स्टुडिओ लागतो, पैसा लागतो, वीस-वीस वर्षं एकाच सशाला सांभाळणारी बाई लागते. आपल्या मागणीपत्रात हे का नाही?

क्लाराबाई २००४ मध्ये मॉस्कोत गेल्या. सन्मान्य कलाकार हा किताब त्यांना मिळाला होता, पण पडद्यावरची मोठी भूमिका शेवटपर्यंत मिळाली नाही. त्याची हळहळ मला वाटतेच.

गेल्या हिवाळ्यात आई साताऱ्याहून आली होती. तिला रशियनचा गंध नाही. एका संध्याकाळी स्वयंपाकघरातून ऐकलं, तर टीव्हीचा आवाज बंद आणि आई बोलतेय. लांडग्यासाठी घोगऱ्या आवाजात, “थांब लेका, बघतोच तुला!” सशासाठी बारीक आवाजात, “आधी धर तर खरं!” लेक तिच्या मांडीवर. भाग संपला तशी म्हणाली, “आजी, परत. ससा परत बोलू दे.”