आपला सिनेमा चित्रकारांनी उभा केला

गेले काही दिवस एक मजकूर ग्रुपाग्रुपांवर फिरतो आहे. बऱ्याच जाणत्या माणसांनी तो ‘अगदी बरोबर’ म्हणत पुढे ढकलला आहे. त्यातलं म्हणणं थोडक्यात असं: सिनेमा ही मुळात गोष्ट सांगायची कला, तिचं नातं नाटकाशी आणि साहित्याशी. आपला सिनेमा तर नाटकातूनच आला. कॅमेरा हे यंत्र, समोर असेल ते टिपणार. पटकथा भक्कम असली की झालं, दृश्यं ही वरची सजावट. चित्रकारांनी सिनेमाला दिली ती पोस्टरं. आणि चौकट, छायाप्रकाश वगैरे गोष्टी सामान्य प्रेक्षकाला कळत नाहीत, त्याला त्या नकोही असतात.

दुसऱ्या कुठल्या भाषेत हे कोणी लिहिलं असतं तर कदाचित सोडून दिलं असतं. पण ज्या मातीत फाळके आणि बाबूराव पेंटर झाले तिथे हा मजकूर टाळ्या घेत फिरतो, याचं मनापासून वाईट वाटतं. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

‘आपला सिनेमा नाटकातूनच आला’

दादासाहेब फाळक्यांनी पहिला सिनेमा काढण्याआधी काय काय केलं ते बघा. १८८५ साली मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये प्रवेश. १८९०पासून बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला आणि फोटोग्राफी. मग गोध्र्यात फोटो काढण्याचा व्यवसाय, पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समनची नोकरी, राजा रविवर्म्याच्या छापखान्यासाठी शिळाप्रेसचं, म्हणजे दगडावरून छपाईचं काम, पुढे स्वतःचा छापखाना आणि १९०९मध्ये रंगीत छपाई शिकायला थेट जर्मनी. घरोघरच्या भिंतींवर देव पोचवणाऱ्या धंद्यात हा माणूस वर्षानुवर्षं मुरला होता. पुढे त्याने पडद्यावर येशूचं चरित्र पाहिलं आणि इथे कृष्ण का दिसू नये, असं त्याच्या मनाने घेतलं. या सगळ्या उमेदवारीत नाटक कंपनी किती आणि चित्र, फोटो, छपाई किती, हे ज्याचं त्याने मोजावं.

भांडवल देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून त्यांनी आधी काय चित्रित केलं, तेही सांगण्यासारखं आहे. वाटाण्याचं रोप. कॅमेरा एका जागी रोवायचा, दिवसामागून दिवस थोड्या थोड्या फ्रेम्स घ्यायच्या आणि पडद्यावर बी रुजून रोप वर येताना दाखवायचं. त्यात ना नट होता, ना संवाद. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३चा, त्याच्या आधीची ही गोष्ट.

आता कोल्हापूर. बाबूराव कृष्णराव मेस्त्री, म्हणजेच बाबूराव पेंटर, आणि त्यांचे चुलतभाऊ आनंदराव नाटकांचे पडदे रंगवत. या दोघांचे पडदे म्हणजे त्या काळच्या नाटक कंपन्यांची शान होती. म्हणजे नाटकाकडून सिनेमाकडे जी वाट गेली, तिच्यावरसुद्धा पुढे चालत होता तो पेंटरच. सपाट कापडावर राजवाड्याच्या खांबांची रांग अशी काढायची की समोर बसलेल्याला ती आत आत जाताना दिसली पाहिजे, ही त्यांची रोजची कामगिरी. सपाट पडद्यावर खोली उभी करणं, हे सिनेमाचंही पहिलं काम.

आनंदराव १९१६मध्ये वारले. दोघांनी मिळून कॅमेरा बनवण्याचं स्वप्न पाहिलं होतं. बाबूरावांनी ते आपले शिष्य दामले यांना हाताशी घेऊन पुरं केलं आणि त्याच देशी कॅमेऱ्यावर १९२०चा ‘सैरंध्री’ झाला. पडदे रंगवून नाव मिळवलेल्या या माणसाने सिनेमात काय केलं? रंगवलेले पडदे काढून टाकले आणि खरीखुरी, भरीव बांधणीची नेपथ्यं उभी केली. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. रंगवलेल्या कमानीची सावली कायमची एकाच बाजूला पडलेली असते, उजेड कुठूनही आला तरी ती हलत नाही. आभाळ रंगवलेलं असलं आणि नट मागे सरकला, तर त्याची सावली आभाळावर पडते. नाट्यगृहात प्रेक्षक हे चालवून घेतो, कॅमेऱ्यापुढे ते उघडं पडतं. पडद्याची मर्यादा ओळखायला पडदे रंगवलेला हातच लागतो. नाटकाची सवय पुढे रेटणाऱ्याने पडदेच वापरले असते.

बाबूरावांच्या फिल्म कंपनीत दामले, फत्तेलाल आणि शांताराम तयार झाले. १९२९मध्ये ‘प्रभात’ ही फिल्म कंपनी सुरू झाली तेव्हा कलेची बाजू फत्तेलालांकडे होती. १९३६च्या ‘संत तुकाराम’चे दिग्दर्शक म्हणून जी दोन नावं येतात, ती या दामले-फत्तेलालांची.

नाटकाने काहीच दिलं नाही, असं मी म्हणत नाही. १९३२च्या ‘अयोध्येचा राजा’पासून मराठी सिनेमा बोलू-गाऊ लागला, तेव्हा नाट्यसंगीत आलं, गाणारे नट आले. पडद्यावरचे तुकाराम, विष्णुपंत पागनीस, रंगभूमीवरूनच आलेले. पण त्याआधीची जवळजवळ वीस वर्षं आपला सिनेमा मुका होता. मराठी संगीत नाटकातून संवाद आणि पदं वजा केली तर उरतं काय? त्या वीस वर्षांत जे उभं राहिलं ते चित्राच्या बळावर.

‘कॅमेरा समोर असेल ते टिपतो’

सत्यजित राय यांचा १९५६चा ‘अपराजितो’ घ्या. बनारसच्या गल्लीतलं हरिहरचं घर, मधे चौक, भोवती खोल्या. ते घर बनारसमध्ये नव्हतं. कोलकात्याच्या स्टुडिओत बन्सी चंद्रगुप्तांनी बांधलेला तो सेट होता. अडचण उजेडाची होती. अशा उंच भिंतींच्या घरात ऊन थेट तळापर्यंत पोचत नाही, वर दिसणाऱ्या आभाळाच्या तुकड्यातून मवाळ उजेड झिरपतो आणि त्याला धारदार सावली नसते. स्टुडिओतले दिवे सरळ रोखले की माणसामागे कडक सावल्या पडतात आणि सेट सेटच वाटतो. छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनी चौकावर पांढरं कापड ताणलं, दिव्यांची तोंडं वर केली आणि कापडावरून परतून आलेल्या उजेडात चित्रण केलं.

समोर होतं लाकूड, प्लास्टर आणि दिवे. दिसतं ते बनारसचं घर. मधला सगळा फरक कोणी केला? सावली किती गडद हवी, तिची कड किती मऊ हवी, हे ठरवणं म्हणजे चित्रकाराचं काम, ते ब्रशने होवो की दिव्याने. आपल्याकडे बाबूरावांनी १९२३च्या ‘सिंहगड’मध्ये कृत्रिम प्रकाशात रात्रीचे प्रसंग घेतले होते. उन्हाच्या भरवशावर सिनेमे निघत होते त्या काळात.

‘पटकथा भक्कम की झालं’

सत्यजित राय शांतिनिकेतनच्या कलाभवनात नंदलाल बोस आणि बिनोदबिहारी मुखर्जी यांच्या हाताखाली शिकले. पुढे जाहिरात कंपनीत काम करता करता पुस्तकांची मुखपृष्ठं आणि आतली चित्रं काढू लागले. ‘पथेर पांचाली’ या कादंबरीची मुलांसाठीची आवृत्ती त्यांच्याकडे चित्रांसाठी आली आणि सिनेमाचं बी तिथे पडलं. १९५५च्या त्या सिनेमाची रीतसर, पानापानांची पटकथा नव्हती. होती ती टिपणं आणि चित्रमालिका.

त्यातला अपू-दुर्गाने आगगाडी बघण्याचा प्रसंग आठवा. डोक्याएवढे वाढलेले काश नावाच्या गवताचे पांढरे तुरे आणि मागून काळ्या धुराची लांब रेघ ओढत जाणारी गाडी. पहिल्या दिवशी थोडं चित्रण झालं आणि पुढच्या खेपेला बघतात तर गुरांनी काश फस्त केलेला. गाडी होती, मुलं होती, प्रसंग डोक्यात पक्का होता. तरी राय पुढच्या मोसमात काश पुन्हा फुलेपर्यंत थांबले. दृश्य ही सजावट असती तर पैशाच्या तंगीत वर्षभर कोण थांबतं?

गोष्टच नसली तरी सिनेमा होतो का? पंढरपूरला जन्मलेल्या आणि उमेदीत मुंबईत सिनेमाची होर्डिंग्ज रंगवलेल्या चित्रकार हुसेन यांनी १९६७मध्ये फिल्म्स डिव्हिजनसाठी राजस्थानावर एक लघुपट केला. त्यात संवाद नाही, कथानक नाही. छत्री, जोडा, कंदील, भिंती, माणसं एकामागून एक येतात आणि एकमेकांशी नातं जोडतात. त्याला बर्लिनच्या महोत्सवात लघुपटाचं ‘सुवर्ण अस्वल’ हे पारितोषिक मिळालं.

गोष्ट नकोच, असं कोणी समजू नये. बाबूरावांचा मूकपट ‘सावकारी पाश’ नारायण हरी आपट्यांच्या कथेवर उभा आहे आणि शेतकऱ्याची जमीन सावकाराच्या घशात जाते ही गोष्ट तितकी खरी नसती तर तो टिकला नसता. पण बाबूरावांनी १९३६मध्ये तो पुन्हा बोलपट म्हणून केला, तेव्हा निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या मनात कायमचं काय राहिलं? अंधारात बुडालेल्या एका भकास झोपडीचा लांबून घेतलेला शॉट आणि कुत्र्याचं रडणं. बोलपट असून त्या शॉटमध्ये एकही शब्द नाही.

‘चित्रकारांनी दिली ती पोस्टरं’

पोस्टरं दिलीच, आणि तीही उत्तम दिली. पण नेपथ्य, वेशभूषा, चित्रीकरणाआधी प्रसंग कागदावर रेखाटून घेणं, हे सगळं बाबूराव स्वतः करत होते. आज हीच कामं प्रॉडक्शन डिझायनर, स्टोरीबोर्ड आर्टिस्ट, कलरिस्ट अशी वेगवेगळ्या माणसांत वाटली गेली आहेत. श्रेयनामावली शेवटपर्यंत बघितली तरी हा मुद्दा मिटतो.

‘सामान्य प्रेक्षकाला कळत नाही’

या मुद्द्याचा मला खरा राग येतो. मूकपटांच्या काळात प्रेक्षकांतल्या बहुतेकांना लिहिता-वाचता येत नव्हतं. मधे मधे येणाऱ्या पाट्या कोणी तरी वाचून दाखवायचं. बाकी सगळा सिनेमा लोक डोळ्यांनी वाचत होते, कोण कुठे उभा आहे, उजेड कोणाच्या तोंडावर आहे, कोण कोणाकडे बघतो आहे, यावरून. फाळक्यांचे देव त्यांना ओळखावे लागले नाहीत, कारण शिळाप्रेसच्या चित्रांतून त्यांची नजर आधीच तयार झाली होती. ‘लंकादहन’ला पडद्यावर राम आला की लोक हात जोडत, असं सांगतात.

आणि ज्या ‘संत तुकाराम’ने व्हेनिसच्या महोत्सवात नाव मिळवलं, तोच मुंबईत एका थिएटरात वर्षभराहून जास्त चालला. ती तिकिटं समीक्षकांनी काढली नव्हती.