‘एकच अनुपालन प्रमाणपत्र’ असं काही नसतं, त्या मेसेजवर पैसे भरू नका

बचत गटांच्या आणि व्यापाऱ्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय. वर राजमुद्रा, खाली लाल अक्षरं. मजकुराचा सारांश असा: महाराष्ट्रातल्या प्रत्येक दुकानदाराने आणि घरगुती व्यावसायिकाने ‘शासकीय अनुपालन प्रमाणपत्र’, म्हणजे सगळे नियम पाळल्याचा एकच दाखला, काढणं बंधनकारक झालं आहे. शॉप ॲक्ट रद्द झाला असून त्याची जागा या प्रमाणपत्राने घेतली आहे. हे एकदा काढलं की फूड लायसन्स, काटा पासिंग, काहीच लागत नाही. नसेल तर ५०,००० रुपये दंड, दुकान सील आणि बँक खातं गोठवणार. अमेरिकेत हे पूर्वीपासून आहे, आता आपल्याकडे आलं. शेवटी एक मोबाइल नंबर आणि ‘शासकीय फी फक्त ३,४९९ रुपये’.

माझी मावशी घरून लाडू, चिवडा आणि मसाले करून विकते. हा मेसेज तिने मला ‘खरं आहे का रे’ असं विचारायला पाठवला नव्हता. ‘पैसे कुठल्या ॲपवरून भरू’ एवढंच तिला विचारायचं होतं. तिच्या गटातल्या बायकांनी भरायला सुरुवातही केली आहे. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

आधी ‘बंधनकारक झालं आहे’ हे बघू. कशाने झालं? मेसेजमध्ये ना कायद्याचं नाव, ना कलम, ना अधिसूचनेचा क्रमांक. महाराष्ट्र शासनाच्या प्रत्येक निर्णयावर संगणक सांकेतांक असतो. त्याच्या सुरुवातीच्या आकड्यांत तारीखही असते, आणि तो टाकून शासनाच्या संकेतस्थळावर मूळ निर्णय उघडून वाचता येतो. या मेसेजवर तो नाही. राजमुद्रेचं चित्र कुणीही चिकटवू शकतं. दंडाची रक्कम लिहिणाऱ्याला तो कुठल्या कलमाखाली होतो हे लिहिता येत नसेल, तर तो आकडा घाबरवण्यासाठीच टाकलेला आहे.

आता सगळ्यात घातक वाक्य: ‘हे एकदा काढलं की बाकी काहीच लागत नाही.’

मेसेजसोबत प्रमाणपत्राचा नमुना म्हणून एक फोटो आहे. तो मोठा करून पाहिला. ते चक्क उद्यम नोंदणीचं, म्हणजे केंद्र सरकारकडे छोट्या-मध्यम उद्योगांची जी नोंदणी होते तिचं प्रमाणपत्र आहे, वर शीर्षक तेवढं बदललंय. म्हणजे ३,४९९ रुपये घेऊन हा माणूस उद्यम नोंदणी करून देणार आणि वर ‘तुम्ही आता सगळ्या कायद्यांतून सुटलात’ असं सांगणार.

उद्यम नोंदणी १ जुलै २०२० पासून सुरू आहे. त्याआधी उद्योग आधार होतं. ही नोंदणी फुकट आहे, तिला एक रुपयाही फी नाही. कागदपत्रं अपलोड करायची नसतात. आधार आणि पॅन लागतो, जीएसटी असेल तर तो नंबर, बाकी सगळी माहिती आपण स्वतः भरायची. केंद्राच्या एमएसएमई (सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग) मंत्रालयाच्या उद्यम पोर्टलवर पहिल्याच पानावर स्पष्ट लिहिलं आहे की हे पोर्टल आणि शासनाच्या एक खिडकी व्यवस्था सोडल्या तर कुठलीही खासगी व्यवस्था, संस्था किंवा व्यक्ती या नोंदणीसाठी अधिकृत नाही. फॉर्म भरता येत नाही म्हणून कुणी ओळखीच्या मुलाला शंभर-दोनशे मेहनताना दिला, तर त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्याला ‘शासकीय फी’ म्हणणं ही फसवणूक आहे.

आणि उद्यम प्रमाणपत्र म्हणतं तरी काय? तुमचा उद्योग सूक्ष्म, लघु की मध्यम, एवढंच. कर्ज, अनुदान, सरकारी खरेदी, अडकलेली बिलं वसूल करणं यासाठी ते उपयोगी आहे, जरूर काढावं. पण तुमचं स्वयंपाकघर स्वच्छ आहे, तुमचा काटा बरोबर आहे, तुमच्या इमारतीत आग विझवायची सोय आहे, यातलं काहीही ते सांगत नाही. ते देणाऱ्या खात्याने तुमचं दुकान पाहिलेलंही नसतं. सगळं स्वयंघोषणेवर चालतं. म्हणूनच २६ जून २०२० च्या अधिसूचनेत म्हटलंय की माहिती मुद्दाम खोटी दिली किंवा दडवली तर याच उद्योगांसाठीच्या एमएसएमईडी कायद्याच्या कलम २७ खाली दंड होईल. तो दंड ज्याच्या नावावर नोंदणी आहे त्याला होईल. एजंटने उलाढाल अंदाजाने भरली, व्यवसायाचा कोड चुकीचा टाकला, तर उत्तर मावशीला द्यावं लागेल, त्या मोबाइल नंबरवाल्याला नाही.

अशा एजंटांची आणखी एक सवय आहे. फॉर्ममध्ये ते स्वतःचाच मोबाइल नंबर आणि ईमेल टाकतात. पुढे पत्ता बदलायचा, व्यवसाय वाढवून लिहायचा म्हटलं की ओटीपी त्यांच्याकडे जातो. मग प्रत्येक दुरुस्तीला पुन्हा पैसे. नोंदणी तुमच्या नावाची, चावी दुसऱ्याच्या खिशात.

आता मावशीचंच उदाहरण घेऊन सांगतो, कारण तिच्यासारख्या हजारो बायका आहेत. ती खाण्याचे पदार्थ विकते, म्हणजे २००६ चा अन्न सुरक्षा व मानके कायदा तिला लागू होतो. घरून विकलं तरी लागू होतो. कलम ३१ प्रमाणे मोठ्या व्यवसायाला परवाना आणि छोट्याला नोंदणी लागते. ती फॉसकॉस या अन्न परवान्यांच्या सरकारी पोर्टलवर होते आणि आपल्या राज्यात अन्न व औषध प्रशासन ती पाहतं. त्यातून चौदा आकडी नंबर मिळतो आणि तो पाकिटावर छापावा लागतो. उद्यमचा नंबर त्या जागी चालत नाही. उद्या कुणाला चिवडा खाऊन त्रास झाला, अन्न सुरक्षा अधिकारी आला, आणि मावशीने भिंतीवरचं ‘अनुपालन प्रमाणपत्र’ दाखवलं, तर तिची बाजू आणखी कमजोर होईल. कारण तोपर्यंत ती विनानोंदणी विकत होती हे तिथेच सिद्ध झालेलं असेल.

काट्याचं तेच. वजनावर विकता तर वैधमापन शास्त्र विभागाकडून काटा पासिंग करून घ्यावा लागतो. इलेक्ट्रॉनिक काट्याची फेरपडताळणी दर बारा महिन्यांनी, सुट्या वजनांची दर चोवीस महिन्यांनी. काट्यावर शिक्का बसतो आणि पडताळणीचं प्रमाणपत्र गिऱ्हाइकाला दिसेल असं लावायचं असतं. हा शिक्का गिऱ्हाइकाच्या पैशाचं रक्षण करतो. तो ‘लागत नाही’ असं सांगणारा माणूस दुकानदाराचं तर नुकसान करतोच, पण समोर पाव किलो शेंगदाणे घेणाऱ्याचंही करतो. या मेसेजचा मला सगळ्यात जास्त राग याच कारणाने आहे. ३,४९९ रुपये गेले तर गेले म्हणता येईल, पण खरी नोंदणी करायची राहून गेली तर त्याचा भुर्दंड दुसऱ्या कुणालातरी बसतो.

‘बँक खातं गोठवणार.’ ही भीती लोकांना सगळ्यात लवकर लागते, कारण रोजचा धंदा आता क्यूआर कोडवर चालतो. इथे रिझर्व्ह बँकेचे केवायसीचे निर्देश नीट वाचले पाहिजेत. त्या निर्देशांत एकल मालकीच्या व्यवसायाचं खातं उघडण्यासाठी काय लागतं याची यादी दिली आहे. मालकाची स्वतःची केवायसी, आणि शिवाय व्यवसायाच्या नावाने यातले कोणतेही दोन पुरावे: नोंदणी प्रमाणपत्र, त्यात उद्यम आलं, शॉप ॲक्टखालचं प्रमाणपत्र किंवा परवाना, विक्रीकर आणि आयकराची विवरणपत्रं, जीएसटी प्रमाणपत्र, व्यवसाय कराची नोंदणी, आयात-निर्यातीचा कोड, वीज, पाणी, लँडलाइनची बिलं. काही व्यावसायिकांसाठी यादीत वेगळे कागदही आहेत, पण गाभा हाच. आणि दोन पुरावे देणं खरोखर शक्य नसेल, तर बँकेची खात्री पटल्यास जागेवर जाऊन पडताळणी करून ती एकावरही काम चालवू शकते.

या यादीत ‘अनुपालन प्रमाणपत्र’ नावाचा कागद नाही. बँकेला तो मागायचाच नाही, तर तो नाही म्हणून खातं गोठेल कसं? हां, केवायसी वेळेवर अद्ययावत केली नाही तर बँक व्यवहारांवर बंधनं आणते, हे खरं आहे. पण त्याची सूचना तुमची बँक देते, ती अनोळखी नंबरवरून फॉरवर्ड होऊन येत नाही. शंका असेल तर पासबुक घेऊन शाखेत जा आणि विचारा. तिथे ३,४९९ रुपये कुणी मागणार नाही.

‘शॉप ॲक्ट रद्द झाला.’ यात अर्धं सत्य आहे, आणि ते मान्य करावं लागेल. १९४८ चा जुना मुंबई दुकाने व आस्थापना कायदा खरोखरच गेला, त्याच्या जागी २०१७ चा महाराष्ट्राचा कायदा आला. त्या कायद्यात दहापेक्षा कमी कामगार असलेल्यांना नोंदणीतून सूट मिळाली. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ही मर्यादा वीसवर नेण्याचा निर्णय घेतला. म्हणजे बहुतेक छोट्या दुकानदारांना पूर्वीसारखा गुमास्ता परवाना काढून त्याचं नूतनीकरण करत बसावं लागत नाही. पण सूचना मात्र द्यावीच लागते. धंदा सुरू केल्यापासून ६० दिवसांत ऑनलाइन अर्ज, स्वयंघोषणा, स्वतः साक्षांकित केलेली कागदपत्रं, आणि त्याची पोचपावती. ही पोचपावती म्हणजेच तुमचा ‘शॉप ॲक्ट’. ती जपून ठेवा. मेसेजवाल्याने ‘परवान्याची गरज कमी झाली’ या खऱ्या गोष्टीतून ‘कायदाच संपला’ ही खोटी गोष्ट काढली आहे. त्याच कायद्याखाली २०२२ च्या दुरुस्तीनंतर लहान दुकानांनाही मराठी देवनागरी पाटी लावावी लागते, आणि सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यासाठी व्यापाऱ्यांना दोन महिने दिले होते. रद्द झालेल्या कायद्यासाठी न्यायालय मुदत देत नाही.

मेसेजमध्ये जीएसटीचाही उल्लेख आहे, ‘सर्वांना सक्तीचा’ म्हणून. नाही. राज्यातल्या राज्यात फक्त माल विकणाऱ्याला वर्षाची उलाढाल ४० लाखांवर गेली की, सेवा देणाऱ्याला २० लाखांवर गेली की नोंदणी लागते. परराज्यात माल पाठवणं वगैरे अपवाद आहेत, ते सीएला विचारा.

अमेरिकेचा मुद्दा. तिथे ‘सर्टिफिकेट ऑफ गुड स्टँडिंग’ नावाचं प्रमाणपत्र असतं हे बरोबर आहे. राज्याचं सेक्रेटरी ऑफ स्टेट कार्यालय किंवा तसंच दुसरं कार्यालय ते देतं. पण ते सांगतं एवढंच की ही कंपनी राज्यात नोंदलेली आहे आणि तिने त्या कार्यालयाकडचे अहवाल, फी वगैरे थकवलेलं नाही. हॉटेलचं आरोग्य खातं, अग्निशमन, कामगार कायदे यांच्याशी त्याचा संबंध नसतो. कर्ज घेताना किंवा दुसऱ्या राज्यात धंदा सुरू करताना मागितलं तर काढतात, एरवी फारसं कुणी विचारत नाही. आणि तिथेही नव्या कंपन्यांना सरकारी वाटतील अशी पत्रं पाठवून, ‘हे प्रमाणपत्र लगेच काढा’ म्हणत चढ्या दराने पैसे उकळणारे आहेत. अनेक राज्यांच्या सेक्रेटरी ऑफ स्टेट कार्यालयांनी त्यांच्याबद्दल जाहीर इशारे दिले आहेत. तेव्हा आपल्याकडे आलंय ते बहुधा हेच.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगायला हवी. नियम पाळल्याचं ठरावीक काळाने प्रमाणपत्र द्यावं लागतं, असे कायदे आपल्याकडे आहेत. महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ प्रमाणे, त्याच्या कक्षेतल्या इमारतींच्या मालकांना किंवा भोगवटादारांना दर जानेवारी आणि जुलैत ‘फॉर्म बी’ द्यावा लागतो. आग विझवण्याची यंत्रणा चालू स्थितीत असल्याचं त्यात परवानाधारक एजन्सी लिहून देते. हॉटेल, मंगल कार्यालय, हॉस्पिटल चालवणाऱ्यांनी हे अजिबात टाळू नये. पण तेही एका कायद्यापुरतं, एका विषयापुरतंच असतं.

मग ‘माझा धंदा नियमात आहे’ याचा अधिकृत पुरावा कुठून आणायचा? जे खातं विचारतंय त्याच्याच नोंदीतून. उद्यमचा नंबर उद्यम पोर्टलवर पडताळता येतो, प्रमाणपत्रावर क्यूआर कोडही असतो. जीएसटी नंबर जीएसटी पोर्टलवर टाकला की नोंदणी चालू आहे की रद्द ते दिसतं. फूड लायसन्सचा चौदा आकडी नंबर फॉसकॉसवर. कंपनी असेल तर केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर तिची स्थिती. यासाठी पैसे लागत नाहीत, आणि कुणीही दुसऱ्याचा नंबर टाकून बघू शकतं. म्हणून खरेदीदार किंवा बँक कागदापेक्षा नंबर तपासते. फ्रेम करून लावलेल्या कागदामागे असा नंबर नसेल, तर त्याचा काही उपयोग नाही. शासनाच्या ज्या सेवा अधिसूचित आहेत त्या मुदतीत मिळण्याचा हक्क २०१५ च्या लोकसेवा हक्क अधिनियमाने आपल्याला दिला आहे. अर्ज अडकला तर अपील करता येतं आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. ‘साहेबांना सांगून लवकर करून देतो’ म्हणणाऱ्याला हे ऐकवा.

ज्यांनी पैसे आधीच भरलेत त्यांनी थांबू नये. पैसे नुकतेच गेले असतील तर १९३० या सायबर हेल्पलाइनवर लगेच कळवा, कारण जितक्या लवकर कळवाल तितकी रक्कम अडवण्याची शक्यता जास्त. व्यवहाराचा क्रमांक, तो मेसेज आणि तो मोबाइल नंबर यांचे स्क्रीनशॉट ठेवा. तुमच्या नावाने खरोखर उद्यम नोंदणी झाली असेल तर प्रमाणपत्रावरचा मोबाइल नंबर आणि ईमेल आधी वाचा. तो तुमचा नसेल तर जिल्हा उद्योग केंद्रात जाऊन दुरुस्तीबद्दल विचारा, आणि त्या एजंटला आणखी एकही ओटीपी देऊ नका.