मढ्यापुढची ढोलकी: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. स्वीडिश संगीतकार उल्फ दागेबीवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही रात्री दीड वाजता टाकलेली प्रतिक्रिया सकाळी चहाबरोबर वाचली. चहा तसाच राहिला.

चूक आधी कबूल करतो. दागेबीचं संगीत असलेला स्टेफान यार्लचा माहितीपट ‘एट आन्स्टेंडिग लीव’ 1979चा, मी 1978 लिहिलं होतं. दुरुस्त केलंय, आभार. पण तेवढ्यावरून ‘गूगलवरून उचललेला लेख’? अहो, उचलला असता तर साल तरी बरोबर आलं असतं!

आता तुमचं ते वाक्य: ‘हेरॉइनने मेलेल्या पोराच्या माहितीपटाला रॉक संगीत म्हणजे मढ्यापुढे ढोलकी, आणि लेखकाला गर्दुल्ल्यांचं कौतुक.’

कौतुक? माझा मावसभाऊ 1986 साली गर्दच्या नशेनेच गेला, परळच्या चाळीत. मामा गावाहून यायचा होता म्हणून रात्रभर त्याला घरातच ठेवला होता. भजनी मंडळ आलं. पखवाजाच्या धुमेला, म्हणजे डाव्या तोंडाला, लावायला कणीक हवी, आणि घरात कोणी परातीला हात लावणार नव्हतं. शेवटी शेजारच्या काकूंनी ओला गोळा आणून दिला. बुवांनी तो थापला, वाजवून पाहिलं, बोटाने थोडा काढला, पुन्हा वाजवलं. मावशी तेवढा वेळ रडायची थांबून त्यांच्या बोटांकडे बघत होती. मढ्यापुढे वाजवणं म्हणजे काय, ते तुम्ही मला शिकवू नका.

माहितीपटातली स्टोफे आणि केंता ही खरी पोरं. यार्लच्या 1968च्या पहिल्या माहितीपटात स्टॉकहोमभर उंडारणारी, दहा वर्षांनी हेरॉइनमध्ये रुतलेली. दुसऱ्याचं, म्हणजे ‘एट आन्स्टेंडिग लीव’चं, चित्रीकरण चालू असतानाच स्टोफे गेला. त्या माहितीपटाला संगीत दिलं दागेबीने. हा काही भाड्याने आणलेला वादक नव्हे. गोथेनबर्गच्या नॅशनलथिएटर्न या नाटकं-गाणी करणाऱ्या मंडळीतला. उपनगरांतल्या असल्याच वाया चाललेल्या पोरांवर ही मंडळी आधीपासून गात होती. त्याला परकं दुःख सजवायची हौस होती असं म्हणायचं असेल, तर खुशाल म्हणा.

आणि केंता? तो तर स्वतःच गायला. ‘युस्त इदाग एर याग स्टार्क’, म्हणजे ‘आज तरी मी खंबीर आहे’. स्टॉकहोमच्या हामारबी फुटबॉल क्लबच्या घरच्या सामन्याआधी हेच गाणं लागतं. मी त्या गर्दीत उभा राहिलोय. शेजारचे आजोबा हिरवा-पांढरा मफलर दोन्ही हातांनी डोक्यावर ताणून गात होते. तुमच्या भाषेत, एका गर्दुल्ल्याचं गाणं.

‘त्यापेक्षा अ‍ॅबा ऐका’ या सल्ल्याबद्दल इतकंच: अ‍ॅबाच्या विजयामुळे 1975मध्ये युरोव्हिजन ही गाण्यांची स्पर्धा स्टॉकहोमला भरली, तेव्हा दागेबीच्याच पंथातल्या लोकांनी असल्या धंदेवाईक संगीताचा निषेध म्हणून पर्यायी महोत्सव भरवला होता. बाकी ‘गोऱ्यांची गरिबी’ वगैरे मुद्द्यांना उत्तर देण्यात मी वेळ घालवत नाही.

एकच विचारतो. माहितीपट तुम्ही पाहिलाय का? एवढ्या लांबलचक प्रतिक्रियेत तसं कुठेच दिसलं नाही.