तीन पेश्या चुकल्या की केस खारीज? कायद्यात असं कुठेच नाही

यवतमाळ-वाशीमकडच्या गावांत सध्या एक मेसेज फिरतोय: ‘फिर्यादी तीन पेश्यांना गेला नाही की केस खारीज. आरोपी गेला नाही तरी काही होत नाही, दोन-चार वर्षांत फाईल बंद. खारीज झालेली केस केव्हाही पुन्हा टाकता येते.’ तिन्ही गोष्टी चुकीच्या आहेत. त्यांच्यावर विसंबणाऱ्याचं खरं नुकसान होतं.

तीन हा आकडा आला कुठून, कोण जाणे. पोलिसांनी दोषारोपपत्र दाखल केलेली केस सरकारची असते. फिर्यादी, म्हणजे मार खाल्लेला माणूस, तिच्यात साक्षीदार. तो आला नाही तर समन्स निघतं, मग वॉरंट. नुसत्या त्याच्या गैरहजेरीने केस खारीज होत नाही. मात्र मुख्य साक्षीदार शेवटपर्यंत आलाच नाही, तर पुराव्याअभावी आरोपी सुटू शकतो. म्हणून ‘पेशीले जाऊ नको, आपोआप मिटते’ असं कोणी समजावायला आलं, तर तो कोणाच्या बाजूचा आहे ते आधी पाहा.

चेक बाउन्सचं वेगळं आहे, आणि आपल्या शेतकऱ्याला खरा धोका इथेच. व्यापाऱ्याने कापसाच्या पैशाचा चेक दिला, तो वटला नाही, शेतकऱ्याने कोर्टात तक्रार टाकली. इथे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 256 प्रमाणे तक्रारदार एका तारखेला नसला तरी आरोपी निर्दोष सुटू शकतो. तिच्या जागी 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 279 मध्ये त्याआधी तक्रारदाराला 30 दिवसांची मुदत द्यायची आहे. ही सुधारणा फार गरजेची होती, पण त्या तारखेआधीपासून चालू असलेल्या केसेसना जुनाच कायदा लागतो. वेचणी चालू आहे, एसटी चुकली, घरी आजारपण आहे, तर सकाळीच वकिलाला फोन करा. वकील हजर असेल तर न्यायाधीश तुमची हजेरी माफ करून काम पुढे चालवू शकतात. तक्रारदार नाही म्हणून आरोपीला सोडण्याचा अधिकार यांत्रिकपणे वापरू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने असोसिएटेड सिमेंट विरुद्ध केशवानंद या निकालात सांगितलं आहे.

आरोपी गेला नाही तर? वकिलाने हजेरी माफीचा अर्ज दिला नसेल तर वॉरंट निघू शकतं, जामीन रद्द होऊ शकतो. सातबारा लावून जामीनदार झालेल्या भावाकडून, मामाकडून हमीची रक्कम वसूल होऊ शकते. फरार घोषित झाला, तर गंभीर गुन्ह्यात त्याच्या माघारीही खटला चालवण्याची तरतूद आता आहे.

आणि पुन्हा टाकण्याचं म्हणाल, तर कलम 256 खालचा आदेश निर्दोष मुक्ततेचा असतो. त्याच गुन्ह्याची केस पुन्हा चालत नाही. ज्या न्यायाधीशांनी आदेश दिला त्यांनाही तो मागे घेता येत नाही. वरच्या कोर्टातच जावं लागतं, आणि उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे अपिलाची विशेष परवानगी मागायची तर मुदत आहे आदेशापासून 60 दिवस.